विमान अपघाताचा अहवाल कसा वाचावा

कुर्ला-घाटकोपरच्या डोक्यावरून दिवसभर विमानं उतरत असतात. म्हणूनच की काय, देशात कुठेही विमान पडलं की मुंबईत चर्चेला लगेच जोर चढतो. संध्याकाळच्या लोकलमध्ये निकालही लागलेला असतो: पायलटची चूक, इंजिनात पक्षी, नाहीतर घातपात. खरा तपास कित्येक महिने चालतो. नागरी अपघाताचा अहवाल बहुतेक वेळा फुकट, कुणालाही वाचता येईल असा मिळतो, पण उघडून बघणारे थोडेच. तो इंग्रजीत असतो, जाडजूड असतो, तरी शाळेपुरतं इंग्रजी आणि थोडा धीर एवढं भांडवल पुरतं.

आधी योग्य अहवाल शोधा

नागरी विमानांचे अपघात विमान अपघात तपास ब्यूरो, म्हणजे एएआयबी बघतो. तो २०१२ मध्ये स्थापन झाला आणि त्याचे अहवाल त्याच्याच संकेतस्थळावर असतात. त्याआधीचे मोठे अपघात चौकशी न्यायालयांनी किंवा डीजीसीएने, म्हणजे नागरी विमान वाहतूक महासंचालनालयाने तपासलेले आहेत.

शोधताना फ्लाइट नंबरवर विसंबू नका, विमानाचा नोंदणी क्रमांक घ्या. भारतीय विमानांचा क्रमांक 'व्हीटी'ने सुरू होतो. फ्लाइट नंबर पुन्हा पुन्हा वापरले जातात. १२ ऑक्टोबर १९७६ रोजी सांताक्रूझला इंडियन एअरलाइन्सचं कॅराव्हेल जातीचं विमान कोसळून ९५ जण गेले, त्याचा फ्लाइट नंबर १७१. १२ जून २०२५ ला अहमदाबादेत कोसळलेलं एअर इंडियाचं ड्रीमलायनर, म्हणजे बोइंग ७८७, तेही १७१. तारीखही बाराच! फॉरवर्डसाठी याहून चांगला ऐवज मिळणार नाही, पण त्यात अर्थ शोधू नका. कॅराव्हेलच्या इंजिनातली चकती धातूला आलेल्या थकव्याने फुटली आणि आग लागली. ड्रीमलायनरचा नोंदणी क्रमांक व्हीटी-एएनबी. तो टाकलात की घोटाळा होत नाही.

प्राथमिक की अंतिम, हे मुखपृष्ठावरच बघा

आंतरराष्ट्रीय नियमानुसार प्राथमिक अहवाल ३० दिवसांत द्यायचा असतो आणि अंतिम अहवाल शक्यतो वर्षभरात. प्राथमिक अहवालात काय घडलं ते असतं, का घडलं ते नसतं. हा फरक विसरलं की काय होतं ते जुलै २०२५ मध्ये टीव्हीवर दिसलं.

अहमदाबादचा तो प्राथमिक अहवाल जेमतेम पंधरा पानांचा आहे, सरावाला उत्तम. एक गोष्ट आधी सांभाळा: वेळा यूटीसीमध्ये, म्हणजे जागतिक प्रमाणवेळेत असतात, त्यात साडेपाच तास मिळवायचे. कागद घ्या आणि सेकंद एकाखाली एक लिहा. ०८:०८:३९, म्हणजे आपले दुपारचे १ वाजून ३८ मिनिटं ३९ सेकंद, विमानाने जमीन सोडली. सुमारे ०८:०८:४२ ला वेग १८० नॉट (ताशी सुमारे ३३३ किलोमीटर), आणि लगेच दोन्ही इंजिनांचे इंधन स्विच एका सेकंदाच्या अंतराने 'रन'वरून (इंधन चालू) 'कटऑफ'वर (इंधन बंद). ०८:०८:५२ ला एक स्विच परत 'रन'वर, ०८:०८:५६ ला दुसरा. ०८:०९:०५ ला मे-डे, म्हणजे रेडिओवरून संकटाची हाक. ०८:०९:११ ला नोंद थांबते. सगळं मिळून ३२ सेकंद, आणि २६० मृत्यू. कॉकपिटमध्ये एक वैमानिक दुसऱ्याला 'कटऑफ का केलंस' असं विचारतो, दुसरा 'मी नाही केलं' म्हणतो, एवढंच अहवालात आहे. कोण कुणाला म्हणालं ते त्यात नाही. स्विच कशामुळे हलले तेही नाही. चॅनेलवाल्यांनी मात्र नावानिशी निवाडा केला.

निष्कर्षावर उडी मारू नका

जगभरातल्या अहवालांचा साचा साधारण एकच: पहिल्या भागात वस्तुस्थिती, दुसऱ्यात विश्लेषण, तिसऱ्यात निष्कर्ष, चौथ्यात सुरक्षा शिफारशी. पहिला भाग १.१ पासून १.१९ पर्यंत जातो. सगळा वाचायची गरज नाही. १.१ मध्ये उड्डाणाची हकीकत, १.७ मध्ये हवामान आणि १.११ मध्ये ब्लॅक बॉक्स. एवढे आधी वाचा. मग १.५ मध्ये वैमानिकांची ड्युटी आणि विश्रांती बघा. १.१७ मध्ये कंपनीचा कारभार असतो. माझ्या मते सगळ्यात कमी वाचला जाणारा आणि सगळ्यात बोलका भाग तोच. वाऱ्याची दिशा दिसली की तो कुठून येतोय हे लिहिलेलं असतं, कुठे जातोय हे नाही. मुंबईच्या मुख्य धावपट्टीचा २७ हा आकडा म्हणजे २७० अंश, पश्चिमेकडे तोंड.

'पायलटची चूक' दिसली की पुढची ओळ वाचा

मंगळुरूचा २२ मे २०१०चा अपघात घ्या. १५८ मृत्यू, आठ जण वाचले. एअर मार्शल भूषण गोखले यांच्या अध्यक्षतेखालच्या चौकशी न्यायालयाने थेट कारण दिलं ते कॅप्टनचं: सहवैमानिकाने तीनदा 'गो अराउंड' (उतरू नका, पुन्हा वर घ्या) सांगूनही त्याने विमान उतरवणं सोडलं नाही. वर्तमानपत्राचा मथळा इथेच संपतो, अहवाल संपत नाही. कॉकपिटच्या सुमारे दोन तासांच्या ध्वनिमुद्रणात कॅप्टन एक तास चाळीस मिनिटं झोपलेला होता, जाग आल्यावरची गुंगी आणि पहाटेची वेळ भोवली. विमानतळाचं रडार बंद होतं, त्यामुळे विमानाला खाली यायची परवानगी नेहमीपेक्षा उशिरा मिळाली. आणि कॅप्टन ऐकत नसेल तर सहवैमानिकाने ताबा कधी घ्यावा, याच्या सूचना संदिग्ध होत्या. एक कॅप्टन चुकला तर अहवालाला चार पानं पुरली असती.

दोषी कोण, हे मात्र शोधू नका. तपासाचा हेतू पुढचा अपघात टाळणं हा आहे, दोष ठरवणं नाही, हे बहुतेक अहवालांच्या सुरुवातीलाच छापलेलं असतं. तो विषय कोर्टाचा आणि पोलिसांचा.

लष्करी विमान असेल तर

इथे वाट अरुंद होते. हवाई दल, नौदल आपापली कोर्ट ऑफ इन्क्वायरी नेमतात, तिचा अहवाल सहसा बाहेर येत नाही. आपल्या हाती येतं ते दलाचं निवेदन आणि संसदेच्या संरक्षणविषयक स्थायी समितीचे अहवाल. दोन्ही शेजारी ठेवून वाचा.

८ डिसेंबर २०२१ला कुन्नूरजवळ संरक्षण दलप्रमुख जनरल बिपिन रावत यांचं एमआय-१७ हेलिकॉप्टर कोसळलं. जानेवारी २०२२च्या निवेदनात हवाई दलाने म्हटलं की दरीतलं हवामान अचानक बदलून हेलिकॉप्टर ढगात शिरलं, वैमानिकाला दिशाभ्रम झाला आणि ते जमिनीवर आदळलं. डिसेंबर २०२४ मध्ये समितीचा अहवाल आला. २०१७ ते २०२२ या काळातल्या ३४ अपघातांच्या तक्त्यात याच घटनेपुढे कारण फक्त 'मानवी चूक (एअरक्रू)'.

दिशाभ्रम म्हणजे निष्काळजीपणा नव्हे, हे समजायला मुंबईचीच घटना पुरते. १ जानेवारी १९७८च्या रात्री एअर इंडियाचं जम्बो 'एम्परर अशोक' सांताक्रूझहून दुबईला निघालं. खाली काळा समुद्र, क्षितिज दिसत नाही. विमानाचा कल दाखवणारं कॅप्टनसमोरचं उपकरण बिघडलेलं. विमान उजवीकडे कललंय असं समजून त्याने डावीकडे वळवलं आणि वळवतच राहिला. दोन मिनिटांच्या आत ते वांद्र्यासमोर समुद्रात गेलं, २१३ जणांसह. तक्त्यातल्या रकान्यात हे बसवायचं तर तिथेही 'मानवी चूक' लिहिता आलं असतं.