ऋण अपूर्णांकांची बेरीज-वजाबाकी: या चुका टाळा

वेंगुर्ल्यात घराच्या पडवीत मी सातवी-आठवीची शिकवणी घेते. परिमेय संख्या आल्या की दरवर्षी वह्यांत त्याच त्या चुका. मुलं हुशार आहेत, घाई नडते.

सगळ्यात जास्त गुण जातात ते ऋण पूर्णांकयुक्त अपूर्णांकात. गेल्या आषाढात फळ्यावर लिहिलं: (−२ १/४) + १ १/२. नऊपैकी सहा जणांचं उत्तर −१ ३/४. त्यांनी −२ + १ = −१ केलं, १/४ + १/२ = ३/४ केलं आणि दोन्ही शेजारी चिकटवलं. एका मुलीने −२ १/४ चा अंशाधिक अपूर्णांक करताना −२ × ४ = −८, अधिक १, असं करत −७/४ आणलं.

फळ्यावर सांगून पटेना, म्हणून सगळ्यांना परसातल्या विहिरीवर नेलं. दोराला हाताहातावर गाठी मारल्या होत्या. पोहरा सोडला, पाणी काठाखाली सव्वादोन हातांवर लागलं. "रात्रीच्या पावसाने दीड हात चढलं तर?"

"पाऊण हात खाली, बाई," एकजण पटकन म्हणाला. वहीत −१ ३/४ लिहिणारा हाच!

मग त्या मुलीला विचारलं, ७/४ हात म्हणजे किती? म्हणाली, "पावणेदोन." पाणी तर सव्वादोन हातांवर होतं. तिने आपणहून वही ओढली आणि लिहिलं: −(२ + १/४) = −९/४. पुढे −९/४ + ६/४ = −३/४ व्हायला वेळ लागला नाही. ऋण चिन्ह अख्ख्या संख्येचं असतं, नुसत्या २ चं नाही. माझ्याकडे आधी कंस, मग अंशाधिक अपूर्णांक, मगच बेरीज. पायरी गाळलेली वही मी तपासत नाही.

दुसरी चूक व्हिडिओतल्या तिरक्या गुणाकारातून येते. −३/४ − (−५/६) दिलं की मुलं ३ × ६, ५ × ४ करतात, दोन वजांपैकी एक गिळतात आणि −३८/२४ लिहून मोकळी होतात. रीत खोटी नाही, पण चिन्हांवर हात बसण्याआधी ती कुणी वापरू नये, असं माझं ठाम मत आहे. मी आधी ओळ नव्याने लिहायला लावते: −३/४ + ५/६. मग लसावि १२ घेऊन −९/१२ + १०/१२ = १/१२. वजाचं अधिक का होतं, हे ऋण या शब्दातच आहे. इ.स. ६२८ मध्ये गणिती ब्रह्मगुप्तांनी धन म्हणजे संपत्ती आणि ऋण म्हणजे कर्ज धरूनच हे नियम मांडले. वाण्याने उधारी खोडली की तेवढे पैसे आपल्याकडे राहतात, हे कोणत्याही मुलाला कळतं.

छेदांची बेरीज करू नका. −१/२ + (−१/३) चं −२/५ कसं होईल? अर्धा हात खाली असलेलं पाणी आणखी उतरल्यावर अर्ध्या हाताच्या वर कसं येईल? उत्तर −५/६.

छेद ज्याने गुणला, त्यानेच अंशही गुणा.

३/−५ दिसलं की लगेच −३/५ लिहा. −३/−५ मात्र धन आहे.

आणि आकडेमोडीआधी चिन्ह तोंडी सांगा. −५/८ + १/३ मध्ये ५/८ अर्ध्याहून जास्त, १/३ अर्ध्याहून कमी, म्हणजे उत्तर ऋणच. मग पेन उचला: −१५/२४ + ८/२४ = −७/२४.