जुन्या गाड्या व्यापाऱ्यांना घाऊक विकायच्या आहेत? नागपुरात अधिकृत विक्रेता कसे व्हावे

जुन्या गाड्यांच्या कागदांचं काम करताना मला सगळ्यात जास्त वेळा विचारला जाणारा प्रश्न असा: "मला गिऱ्हाईक नको, शोरूम नको. नागपुरात गाड्या उचलायच्या आणि भंडारा, गोंदिया, छिंदवाडा, सिवनीच्या व्यापाऱ्यांना द्यायच्या. त्यासाठी वेगळा परवाना असतो का?"

नसतो. काही देशांत व्यापाऱ्यांनाच विकणाऱ्यांसाठी स्वतंत्र परवाना असतो. आपल्याकडे कायदा घाऊक आणि किरकोळ असा फरक करत नाही. नोंदणी झालेली जुनी गाडी विकायच्या धंद्यात तुम्ही असाल, तर पुढचा माणूस साधं गिऱ्हाईक असो की दुसरा व्यापारी, तुम्हाला एकच अधिकारपत्र लागतं. केंद्रीय मोटार वाहन नियमांत डिसेंबर २०२२ मध्ये दुरुस्ती झाली आणि १ एप्रिल २०२३ पासून नियम ५५-अ पासून ५५-ह पर्यंतचा भाग लागू झाला. 'नोंदणीकृत वाहनांचा विक्रेता' ही ओळख कायद्यात त्या दुरुस्तीने आली. त्याआधी आपण सगळे ओळखीवर आणि खुल्या फॉर्मवर, म्हणजे सही केलेल्या पण नाव-तारीख कोरी ठेवलेल्या फॉर्मवर, धंदा करत होतो.

एक गैरसमज इथेच दूर करतो. ट्रेड सर्टिफिकेट म्हणजे हे अधिकारपत्र नव्हे. ते नोंदणी न झालेल्या नव्या गाड्यांसाठी असतं. कोणी तुम्हाला ट्रेड नंबरची पाटी जुन्या गाडीला लावून चालवायचा सल्ला दिला, तर ऐकू नका.

खुल्या फॉर्मबद्दल आधी

अर्ज कसा करायचा ते सांगतोच, पण तो का करायचा हे कळलं नाही तर अधिकारपत्र नुसतं भिंतीवर लटकेल.

घाऊक धंद्यात गाडी फार वेगाने हात बदलते. सकाळी मालकाकडून उचलली, दुपारी भंडाऱ्याला गेली, आठवड्याने तिथून तुमसरला. आरसी बुकावरचं नाव मात्र जागचं हलत नाही. मालकाकडून फॉर्म २९ आणि फॉर्म ३० वर (मालकी हस्तांतरणाची सूचना आणि अर्ज) सही घ्यायची, तारखेचा आणि घेणाऱ्याच्या नावाचा रकाना कोरा ठेवायचा आणि ती फाइल गाडीबरोबर पुढे पाठवायची, ही जुनी रीत. टीटीओ, म्हणजे आरसीवर मालकी हस्तांतरण, कोणीच करत नाही, कारण प्रत्येक टीटीओने आरसीवर एक मालक वाढतो आणि 'सिंगल ओनर' गाडीचा भाव पडतो.

मीही हेच करायचो. २०१७ साली आमच्याच गल्लीतल्या एका निवृत्त शिक्षकांची गाडी मी घेतली आणि चार दिवसांत दुसऱ्या जिल्ह्यातल्या व्यापाऱ्याला दिली. फॉर्म खुले होते. दीड वर्षाने गुरुजींना पोलिसांचा फोन आला: तुमच्या गाडीने एकाला धडक दिली आहे. गाडी तोवर तिसऱ्या हातात होती आणि मधला व्यापारी फोन उचलत नव्हता. गुरुजी माझ्या दारात आले तेव्हा त्यांच्या हातात मी दिलेली ताबा पावती होती, माझ्याच अक्षरातली. त्या पावतीवर तारीख होती, वेळ नव्हती, पुढच्या माणसाचं नाव नव्हतं आणि आरटीओच्या लेखी तिला काही किंमतही नव्हती. त्यांना वर्षभर हेलपाटे घालावे लागले. ते मला कधी रागावून बोलले नाहीत, पण मला ते अजून बोचतं.

२०१८ साली सर्वोच्च न्यायालयानेही हेच सांगितलं. गाडी एकाकडून दुसऱ्याकडे, तिसऱ्याकडे, चौथ्याकडे गेली, पण नोंदणी पहिल्याच्याच नावावर राहिली, तर अपघाताच्या भरपाईसाठी मालक तोच धरला जाईल. म्हणून विश्वासाने गाडी देणाऱ्या माणसाला ताबा देताक्षणी मोकळं करणं ही आपली जबाबदारी आहे. नवे नियम नेमकं त्यासाठीच आहेत.

अर्जाआधीची तयारी

पहिली गोष्ट जागा. नागपुरात तीन आरटीओ कार्यालयं आहेत: शहराचं एमएच ३१, पूर्व नागपूरचं एमएच ४९ आणि ग्रामीणचं एमएच ४०. तुम्ही कुठे राहता याला महत्त्व नाही. तुमचा प्लॉट किंवा ऑफिस ज्या कार्यालयाच्या हद्दीत येतं तिथे अर्ज जातो. घर प्रतापनगरला आणि गाड्या उभ्या करायचा प्लॉट कामठी किंवा हिंगणा तालुक्यात, असं असेल तर हद्द आधी पक्की करा. भाडेकरार करण्यापूर्वीच हे केलेलं बरं.

जागा घेताना नागपूरचा उन्हाळाही डोळ्यासमोर ठेवा. घाऊक माल लवकर निघतो हे खरं, पण मे महिन्यात उघड्या प्लॉटवर पंधरा दिवस उभी राहिलेली गाडी बॅटरी बसल्याने सुरू होत नाही, डॅशबोर्ड फिका पडतो, वायपरचं रबर काचेला चिकटतं. निदान हिरवी जाळी तरी टाका.

मग गुमास्ता. महाराष्ट्रात दुकाने व आस्थापनांचा २०१७ चा कायदा आहे. २०२५ च्या दुरुस्तीनंतर वीसपेक्षा कमी कामगार असतील तर नोंदणीची गरज नाही, ऑनलाइन सूचना दिली की पावती मिळते. वीस किंवा जास्त असतील तर नोंदणी करावी लागते. व्यवसायाच्या नावाने चालू खातं उघडा. भागीदारी असेल तर करारनामा आणि भागीदारीचा पॅन आधी तयार ठेवा. उद्यम ही लघुउद्योगांची नोंदणी फुकट आहे, तीही करून टाका, कर्ज घेताना उपयोगी पडते.

जीएसटी घ्या. 'उलाढाल मर्यादेखाली आहे, कशाला घ्यायचा' असा विचार करू नका. नागपूरचा घाऊक व्यापारी सिवनी, छिंदवाडा, राजनांदगाव, रायपूरला गाडी देणारच. राज्याबाहेर माल विकायचा म्हटलं की उलाढाल कितीही असो, नोंदणी सक्तीची होते.

अर्ज

अर्ज परिवहन खात्याच्या वाहन पोर्टलवर ऑनलाइन भरायचा, फॉर्म २९-अ मध्ये. पॅन, जीएसटी प्रमाणपत्र, गुमास्ता, जागेची मालकी किंवा नोंदणीकृत भाडेकरार, भागीदारी वा कंपनीचे कागद, अधिकृत सही करणाऱ्याचं ओळखपत्र, सगळं स्कॅन करून हाताशी ठेवा. शुल्क पोर्टलवर दिसतं, ते तिथेच भरायचं. रोख कोणाला द्यायचं काही कारण नाही.

अर्ज अडतो तो बहुतेक पत्त्यात. जीएसटीवर 'प्लॉट नं. १२', भाडेकरारात 'खसरा क्रमांक' आणि गुमास्त्यावर घराचा पत्ता, असं असलं की अर्ज परत येतो. तिन्ही कागदांवर पत्ता शब्दशः सारखा करून घ्या. या एका कामात मी लोकांचे महिने वाया गेलेले पाहिले आहेत.

मंजुरी मिळाली की फॉर्म २९-ब मध्ये अधिकारपत्र मिळतं. ते ५ वर्षं चालतं, नंतर नूतनीकरण करायचं.

गाडी घेताना

मालक तुम्हाला गाडी देतो तेव्हा ताब्याची सूचना फॉर्म २९-क मध्ये पोर्टलवर टाकायची. ती नोंदली गेली की तुम्ही त्या गाडीचे मानीव मालक, म्हणजे कायद्याने मालक धरले जाणारे, होता. गाडी तुमच्याकडे असताना जे घडेल त्याची जबाबदारी तुमची. बदल्यात तुम्हाला हक्कही मिळतात: फिटनेस, नोंदणीचं नूतनीकरण, दुय्यम आरसी, एनओसी, मालकी हस्तांतरण यांचे अर्ज तुम्ही स्वतः करू शकता. सहीसाठी मूळ मालकाला पुन्हा शोधत फिरायला नको. शिवाय मानीव मालक झाल्याने आरसीवर तुमचं नाव चढत नाही, म्हणजे मालकांची संख्या वाढत नाही. ज्या कारणाने लोक टीटीओ टाळत होते ते कारणच उरत नाही. हे मी प्रत्येक व्यापाऱ्याला दोनदा सांगतो.

ही सूचना मालकासमोर बसूनच भरा, त्याच्या मोबाइलवर येणारे संदेश त्याला दाखवा आणि प्रत त्याच्या हातात द्या. मग चावी घ्या.

त्याआधी गाडी तपासा. आरसीवरचा चेसिस नंबर गाडीवर प्रत्यक्ष वाचा. पातळ कागद ठेवून वरून पेन्सिल आडवी फिरवली की ठसा उमटतो. तो ठसा फाइलला लावा. एखादा आकडा बाकीच्यांपेक्षा खोल, तिरपा किंवा नव्याने ठोकलेला वाटला तर सौदा तिथेच थांबवा. चोरीच्या गाड्यांची माहिती राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या 'वाहन समन्वय' सेवेवर पाहता येते. कर्ज असेल तर बँकेची एनओसी आणि फॉर्म ३५ घेऊन एचपी कट झाल्याशिवाय, म्हणजे आरसीवरची कर्जाची नोंद निघाल्याशिवाय, पूर्ण रक्कम देऊ नका. बँकेने ओढून आणलेली गाडी लिलावात घेत असाल, तर बँकेने फॉर्म ३६ करून आरसी स्वतःच्या नावावर घेतली आहे का ते विचारा. बाकी ई-चलनं, विमा आणि १ एप्रिल २०१९ पूर्वीच्या गाडीला उच्च सुरक्षा नंबर प्लेट लागली आहे का, हे पाहायला पाच मिनिटं लागतात.

व्यापाऱ्याला देताना

समोरचा व्यापारी अधिकृत आहे का, हा पहिला प्रश्न. त्याच्या अधिकारपत्राची प्रत मागा, क्रमांक आणि मुदत तपासा. अधिकृत असेल तर चावी देण्याआधी दोघांनी मिळून पोर्टलवर पाहा की गाडी कोणाच्या ताब्यात दिसते, आणि ताब्याची नोंद पूर्ण झाल्यावरच गाडी हलू द्या. अधिकृत नसेल तर त्याच्या नावावर टीटीओ करून द्या. 'गिऱ्हाईक मिळालं की थेट त्याच्या नावावर करतो, तोवर फॉर्म खुले द्या' असं तो म्हणेल. नको म्हणा. एखादा सौदा जाईल, जाऊ द्या.

सौदाचिठ्ठी करा, आणि तिच्यात तारखेबरोबर वेळही लिहा, कारण ई-चलनावर मिनिटापर्यंत वेळ असते. संध्याकाळी ५.४० ला ताबा दिला आणि ६.१० ला सिग्नल तुटला, तर ते चलन कोणाचं यावर वाद होत नाही. चेसिस आणि इंजिन नंबर, मीटरचं रीडिंग, माहीत असलेले दोष आणि त्या वेळेपर्यंतची चलनं कोण भरणार, एवढं लिहा. व्यापारी व्यापाऱ्यापासून दोष लपवत नाही असं म्हणतात, तरीही लिहा. 'डावीकडचा मागचा दरवाजा रंगवलेला आहे' ही एक ओळ पुढचं भांडण वाचवते.

गाडी मध्य प्रदेशात किंवा छत्तीसगडला जाणार असेल तर फॉर्म २८ ची एनओसी लागते. महाराष्ट्रात भरलेला वाहन कर तिथे चालत नाही, तिथला वेगळा भरावा लागतो. भाव ठरवतानाच हा खर्च कोणाचा ते बोलून घ्या.

तुमच्या ताब्यातली गाडी घरच्या कामाला वापरायची नाही. ट्रायल, दुरुस्ती, रंगकाम, तपासणी, प्रदर्शन अशा कारणांसाठीच ती बाहेर काढता येते, आणि कोणी, कधी, कशासाठी नेली आणि किती किलोमीटर चालली याची इलेक्ट्रॉनिक फेरी नोंदवही ठेवावी लागते. भंडाऱ्याच्या व्यापाऱ्याला गाडी दाखवायला नेली तरी नोंद करा. सवय लागेपर्यंत जड जातं.

कर

जुन्या गाडीवर जीएसटी पूर्ण किमतीवर नसतो, तुमच्या मार्जिनवर असतो. २०२५ च्या जानेवारीपासून तो सगळ्या जुन्या गाड्यांना, इलेक्ट्रिकसुद्धा, १८ टक्के आहे. अट एवढीच की त्या गाडीच्या खरेदीवर तुम्ही इनपुट क्रेडिट (खरेदीवर भरलेल्या जीएसटीची वजावट) घेतलेलं नसावं.

समजा गाडी ३,२०,००० ला घेतली आणि भंडाऱ्याच्या व्यापाऱ्याला ३,५०,००० ला दिली. मार्जिन ३०,०००, त्यावर कर ५,४००. ठरलेल्या भावातच कर धरला असेल तर ही रक्कम थोडी कमी निघते, म्हणून 'भाव करासह की कर वेगळा' हे सौद्यातच ठरवा. पुढचा व्यापारी त्याच्या मार्जिनवर स्वतंत्र कर भरेल. डेंटिंग-पेंटिंगला १२,००० घातले तरी ते या मार्जिनमधून वजा होत नाहीत, हे पुष्कळांना माहीत नसतं. घाऊक धंद्यात मार्जिन आधीच पातळ असतं, हिशेब इथेच चुकतो. एखादी गाडी तोट्यात गेली तर तिच्यावर कर शून्य, पण तो तोटा दुसऱ्या गाडीच्या मार्जिनमधून वळता करता येत नाही. म्हणून खरेदी-विक्री गाडीवार लिहा, महिन्याची एक गोळाबेरीज चालत नाही.

रोखीबद्दल: एका व्यवहारात २ लाख किंवा त्याहून जास्त रोख घेता येत नाही, तुकडे पाडूनही नाही. आणि खरेदीसाठी एका दिवसात एका माणसाला १०,००० पेक्षा जास्त रोख दिली तर प्राप्तिकरात तो खर्च धरला जात नाही. बयाणासुद्धा खात्यातूनच द्या.

प्रत्येक गाडीची फाइल वेगळी ठेवा: ताबा सूचनेची प्रत, पेन्सिल ठसा, सौदाचिठ्ठी, बिल, पैसे आल्याची नोंद. गाडी विकली गेल्यावरही फाइल टाकू नका, आणि शेवटच्या ग्राहकाच्या नावाची नवी आरसी झाली की तिची प्रत मूळ मालकाला व्हॉट्सॲपवर पाठवा. गुरुजींच्या प्रकरणानंतर मी हे दर गाडीला करतो. अर्धं मिनिट लागतं, आणि समोरून बहुतेकदा लगेच फोन येतो.