प्रीस्टलींचे ‘ॲन इन्स्पेक्टर कॉल्स’ मराठीत बसवताना : इंदूरच्या हौशी संस्थांसाठी

इंग्रज नाटककार जे. बी. प्रीस्टली यांचे ‘ॲन इन्स्पेक्टर कॉल्स’ हे तीन अंकी नाटक हौशी संस्थेला पहिल्याच वाचनात सोयीचे वाटते. चार पुरुष, तीन स्त्रिया, एका सुखवस्तू घरातील जेवणाची खोली आणि एकच रात्र, एवढ्यावर ते उभे आहे. दिवसभराची नोकरी आटोपून संध्याकाळी तालमीला जमणाऱ्या इंदूरच्या मंडळींना हा पसारा झेपण्यासारखा आहे. मात्र रहस्यनाट्य समजून ते बसवले, तर तिसऱ्या अंकात प्रयोग हमखास ढासळतो. ईव्हा स्मिथ नावाच्या तरुणीने जंतुनाशक पिऊन जीव दिला, हे इन्स्पेक्टर गूल घरात आल्याबरोबर सांगून टाकतो. त्यामुळे शोधायचा असा खुनी येथे नाहीच. त्या मरणातला आपला वाटा कोण मान्य करतो आणि कोण झटकतो, हा या नाटकाचा विषय आहे, आणि नेपथ्यापासून मध्यंतरापर्यंतचा प्रत्येक निर्णय याच कसोटीवर घ्यावा लागतो.

पात्रनिवडीच्याही आधी परवानगीचे काम हाती घ्यावे. प्रीस्टली १९८४ साली निवर्तले आणि भारतीय कायद्यानुसार लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षे स्वामित्वहक्क राहत असल्याने या नाटकाचे हक्क २०४४ च्या अखेरपर्यंत अबाधित आहेत. हौशी मंडळाने तिकीट न लावता केलेल्या प्रयोगाला कायद्यात सवलत आहे. परंतु भाषांतराचा हक्क प्रयोगाच्या हक्काहून वेगळा असतो आणि तो स्वतंत्रपणे मागावा लागतो. पत्रव्यवहाराला वेळ लागतो, म्हणून संहिता हाती येण्यापूर्वीच तो सुरू करणे शहाणपणाचे.

त्यानंतर तालमीचा पहिला आठवडा केवळ वाचनाला आणि पार्श्वभूमीला द्यावा, असा माझा आग्रह आहे. नाटक १९४४-४५ च्या सुमारास लिहिले गेले आणि त्यातली रात्र १९१२ च्या वसंतातली आहे. या दोन तारखांमधल्या अंतरात नाटकाची सारी धार साठलेली आहे. पहिल्या अंकात गिरणीमालक आर्थर बर्लिंग भावी जावयाला आणि मुलाला ठासून सांगतो की युद्ध होणे शक्य नाही, आणि नवे टायटॅनिक जहाज तर बुडणारच नाही. समोर बसलेल्या प्रेक्षकाने मात्र एक नव्हे, दोन महायुद्धे पाहिलेली होती. लंडनमध्ये त्या वेळी योग्य नाट्यगृह मिळेना, म्हणून पहिले प्रयोग १९४५ साली मॉस्को आणि लेनिनग्राड येथे रशियन भाषेत झाले. लंडनचा प्रयोग १ ऑक्टोबर १९४६ रोजी न्यू थिएटरमध्ये ओल्ड व्हिक कंपनीने केला. कंपनीच्या स्वतःच्या इमारतीची बाँबहल्ल्यात हानी झाल्यामुळे ती तेथे प्रयोग करीत होती. राल्फ रिचर्डसन इन्स्पेक्टर होते आणि ॲलेक गिनेस यांनी बर्लिंगचा मुलगा एरिक याची भूमिका केली होती. वर्षभरापूर्वीच ब्रिटनमध्ये मजूर पक्ष मोठ्या बहुमताने सत्तेवर आला होता आणि परस्परांच्या जबाबदारीचा प्रश्न तेथे घरोघरी बोलला जात होता. प्रीस्टली स्वतः ब्रॅडफर्ड या लोकरीच्या गिरण्यांच्या गावचे. तरुणपणी त्यांनी लोकरीच्या पेढीत कारकुनी केलेली असल्यामुळे बर्लिंगसारखी माणसे त्यांनी जवळून पाहिली होती. एवढे कळले, की बर्लिंगची भूमिका करणारा नट त्याला विदूषक करणार नाही. तो यशस्वी, आत्मविश्वासाने बोलणारा आणि आपल्या परीने कुटुंबवत्सल माणूस आहे. त्याचे चुकणे भीषण वाटायचे असेल, तर त्याचे बोलणे आधी पटण्यासारखे वाटले पाहिजे.

इंदूरमध्ये एक मोह अटळ आहे. हुकुमचंद, मालवा, राजकुमार या कापडगिरण्यांचे हे एके काळचे शहर असल्यामुळे बर्लिंगला स्थानिक गिरणीमालक करावे आणि ईव्हाला मिल एरियातील मुलगी, असे कोणीतरी सुचवतेच. मी रूपांतराच्या विरोधात आहे. १९१२ चे इंग्लंड काढून घेतले, की दोन महायुद्धांची सावली जाते, आणि सरदारकीच्या आशेवर डोळा ठेवून बसलेल्या नगरपुढाऱ्याची धास्तीही जाते. शिवाय त्याची गरजही नाही. आठवड्याला साडेबावीस शिलिंग मिळवणाऱ्या मुली पंचवीस शिलिंग मागतात, संप करतात, तो फसतो आणि पुढे होऊन बोलणाऱ्या मुलींना कामावरून काढले जाते. ज्यांच्या घरची एखादी पिढी गिरणीच्या भोंग्यावर उठली, अशा इंदूरकरांना हा हिशेब कोणी समजावून सांगावा लागत नाही. म्हणून शिलिंगचे रुपये करू नयेत, नावे बदलू नयेत आणि भाषा साधी, स्वच्छ प्रमाण मराठी ठेवावी. इन्स्पेक्टरने घरातल्या सगळ्यांना, अगदी एरिकलाही, शेवटपर्यंत ‘तुम्ही’च म्हणावे, तो कोणाशीही सलगी करीत नाही आणि कोणाचा पाणउताराही करीत नाही, हे त्यातून आपोआप पोहोचते.

रवींद्र नाट्यगृहासारख्या मोठ्या रंगमंचावर हे नाटक विरून जाण्याचा धोका असतो. दोन्ही बाजूंनी काळे पडदे आत ओढून खोली लहान करावी, सामान मोजके पण जड दिसणारे असावे आणि जेवणाचे टेबल पुढच्या अंकात अडथळा होणार नाही अशा बेताने मांडावे. अंकांदरम्यान घर बदलत नाही, फक्त त्याकडे पाहण्याचा कोन थोडा बदलावा, असे प्रीस्टली सुचवतात; ते जमत नसेल, तर वास्तववादी नेपथ्याचा हट्टच सोडावा, असेही त्यांनी म्हटले आहे. स्टीफन डाल्ड्री यांनी १९९२ साली नॅशनल थिएटरमध्ये ते घर खांबांवर उंच उभे करून अखेर कोसळवले. ती कल्पना थोर खरी, पण तिची नक्कल करण्याचा मोह टाळलेलाच बरा.

प्रकाशाबद्दल लेखकाची सूचना नेमकी आहे : इन्स्पेक्टर येईपर्यंत गुलाबी, आपलेपणाचा उजेड, आणि तो आल्यावर अधिक प्रखर, कठोर उजेड. हा बदल तांत्रिक चमत्कार म्हणून करू नये. पाहुण्याला आत आणायला सांगताना बर्लिंग स्वतःच मोलकरीण एड्नाला दिवे वाढवायला सांगतो. तोच क्षण प्रकाशयोजनाकाराने धरावा. एलईडी दिव्यांच्या गुलाबी रंगात चेहरे उत्सवी दिसू लागतात, त्यामुळे पिवळसर प्रकाशावर फिका गुलाबी जिलेटिन कागद लावणे मला अधिक योग्य वाटते.

सर्वांत जास्त तालीम छायाचित्राच्या प्रसंगांना द्यावी. इन्स्पेक्टर छायाचित्र एका वेळी एकालाच दाखवतो : आधी बर्लिंगला, मग त्याची मुलगी शीला हिला, आणि दुसऱ्या अंकात मिसेस बर्लिंगला. शीलाचा नियोजित वर जेराल्ड याला ते दिसतच नाही. ईव्हाने पुढे घेतलेले डेझी रेंटन हे नाव ऐकताच त्याचा चेहरा त्याला उघडे पाडतो. एरिकलाही ते दाखवले जात नाही. तिसऱ्या अंकात ‘आपण सगळ्यांनी एकच छायाचित्र पाहिले कशावरून?’ ही जेराल्डची शंका या मांडणीवरच उभी आहे. एखाद्या नटाची नजर चुकून जरी त्या छायाचित्राकडे गेली, तरी चाणाक्ष प्रेक्षकाच्या लेखी ती शंका निकालात निघते. म्हणून प्रत्येक वेळी कोण कुठे उभे आहे, इन्स्पेक्टरची पाठ कोणाकडे आहे आणि मधे कोण येते, हे हालचाली ठरवतानाच जमिनीवर खडूने आखून पक्के करावे.

इन्स्पेक्टरच्या भूमिकेसाठी धिप्पाड नट शोधण्याची गरज नाही. लेखकाला हवा आहे तो भरीवपणा, तोलून बोलणे आणि बोलण्याआधी समोरच्याकडे रोखून पाहण्याची सवय. प्रीस्टलींना काळाविषयीच्या जे. डब्ल्यू. डन यांच्या सिद्धांतांचे आकर्षण होते आणि गूल नेमका कोण हे त्यांनी मुद्दाम उघडे ठेवले आहे. दिग्दर्शकाला हे ठाऊक असावे. पण घुमणारा आवाज, धूर किंवा हिरवा प्रकाश योजून त्याचे भूत करू नये.

मध्यंतर एकच घ्यायचे असेल, तर ते पहिल्या अंकानंतर घ्यावे. दुसरा अंक पहिल्याच्या शेवटच्या शब्दावरच सुरू होतो, त्यामुळे सांधा सहज जुळतो. दुसऱ्या अंकाच्या शेवटी मात्र त्या मुलीला अडचणीत टाकणाऱ्या तरुणाला जाहीर शिक्षा व्हावी असे आई बजावते, आणि तो तरुण आपलाच मुलगा आहे हे तिला उमगत असतानाच एरिक दारात येऊन उभा राहतो. येथे चहाला सोडल्यास कमावलेला ताण बाहेरच्या गप्पांत सांडून जातो.

राहिला तिसऱ्या अंकाचा उत्तरार्ध. इन्स्पेक्टर निघून गेला की नाटक संपले, अशा समजुतीने बहुतेक मंडळी त्यापुढची पाने घाईने उरकतात, वास्तविक नाटकाची परीक्षा तेथेच होते. तो खरा पोलीस अधिकारी नव्हता आणि दवाखान्यात कोणी मुलगी दगावलेली नाही, असे कळताच बर्लिंग दांपत्य आणि जेराल्ड यांना हायसे वाटते. शीला आणि एरिक यांना तसे वाटू शकत नाही. ही फूट हळूहळू, दोघे एका बाजूला आणि तिघे दुसऱ्या बाजूला सरकत, रंगमंचावर डोळ्यांना दिसली पाहिजे, आणि बर्लिंगचे हसू दिलखुलास असले पाहिजे, म्हणजे एक मुलगी खरोखरच मेल्याची बातमी आणणाऱ्या शेवटच्या दूरध्वनीचा घाव पूर्ण बसतो. रंगीत तालमीच्या आधीचे निदान तीन-चार दिवस फक्त या पानांसाठी राखून ठेवावेत, आणि दूरध्वनीची घंटा ध्वनिक्षेपकावरून न वाजवता विंगेत खरी घंटा ठेवून वाजवावी.