वकील-आमदाराची गोष्ट पाच मिनिटांत

बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या मुलांकडून मी भाषणं बसवून घेते. अमेरिकेचा फ्रँकलिन रूझवेल्ट दिला की सगळी थेट राष्ट्राध्यक्षपदावर उडी मारतात. तसं नको. १९१० धरा: २८ वर्षांचा वकील, न्यूयॉर्क राज्याच्या सिनेटला उभा. भाड्याची लाल मॅक्सवेल मोटार, तिला झेंडे, खेडोपाडी धूळ. एवढं चित्र उभं केलंत की श्रोते तुमचे.

तो निवडून आला, मग शीहान प्रकरण. इथे घाई नको. वॉशिंग्टनच्या सिनेटवर कुणाला पाठवायचं ते तेव्हा राज्याचे आमदार ठरवत, थेट मतदान १९१३च्या घटनादुरुस्तीनंतर आलं. ही ओळ गाळू नका. मी एकदा गाळली, परीक्षक नुसते चष्मे पुसत बसले! टॅमनी हॉलने, म्हणजे न्यूयॉर्क शहरातल्या डेमोक्रॅटिक पक्षाच्या बलाढ्य यंत्रणेने, शीहानला पुढे केलं. रूझवेल्ट आणि बंडखोर डेमोक्रॅट अडून बसले. शीहान गेला, आला ओ'गॉर्मन, तोही टॅमनीचाच. हे गालातल्या गालात हसत सांगा.

१९१२च्या निवडणुकीत रूझवेल्टला टायफॉइड झाला, प्रचार त्याचा पत्रकार सहकारी लुई हाऊने केला, तरी जिंकला. एका वाक्यात आटपा. १९१३च्या मार्चमध्ये तो नौदल खात्यात गेला.

शेवट बडोद्यात आणा: त्याच वर्षी सयाजीरावांच्या शिष्यवृत्तीवर आंबेडकर न्यूयॉर्कला पोचले.