लीफ्लेटच्या नकाशावर हजारो मार्कर: मार्करक्लस्टर प्लगइन नीट कसं बसवायचं

लीफ्लेट ही वेबपानावर नकाशे दाखवणारी जावास्क्रिप्ट लायब्ररी. तिचा गाभा मुद्दाम लहान ठेवलेला आहे. २०११ मध्ये व्होलोदिमिर अगाफोन्किन यांनी ही लायब्ररी प्रसिद्ध केली. नकाशाची मूळ कामं गाभ्यात आणि बाकी सगळं प्लगइनमध्ये (वरून जोडायच्या तुकड्यांत), असं तिचं धोरण आहे. ही प्लगइन वेगवेगळे लोक आपापल्या सवडीने सांभाळतात. म्हणून एखादं निवडताना गिटहबवरचे स्टार मोजत बसू नका. ते लीफ्लेटच्या कोणत्या आवृत्तीवर चालतं आणि नोंदवलेल्या अडचणींना कोणी उत्तर देतं का, एवढं आधी बघा.

मार्करक्लस्टर हे जवळजवळचे मार्कर, म्हणजे नकाशावरच्या खुणा, आकडा असलेल्या एका गोलात (क्लस्टरमध्ये) गोळा करणारं प्लगइन. त्याची १.५.३ आवृत्ती लीफ्लेट १.९.४ बरोबर व्यवस्थित चालते. लीफ्लेट २.० वर घाईने जाऊ नका. तिथे ग्लोबल 'एल' (ज्या नावाखाली लीफ्लेटचं सगळं मिळतं ते) काढून टाकलाय, आणि जुनी प्लगइन स्वतःला त्याच 'एल'ला जोडून घेतात. सीडीएनच्या (लायब्ररीच्या फाइली पुरवणाऱ्या सर्व्हरच्या) पत्त्यात 'लेटेस्ट' न लिहिता आवृत्तीचा पूर्ण आकडा लिहा, नाहीतर चालू असलेला नकाशा एखाद्या दिवशी अचानक बंद पडेल.

आधी लीफ्लेटची सीएसएस आणि जेएस, मग प्लगइनच्या दोन सीएसएस आणि शेवटी प्लगइनची जेएस, असा क्रम ठेवा. दोन सीएसएसपैकी पहिली अ‍ॅनिमेशनची असते, तर 'डिफॉल्ट' नावाची दुसरी हिरव्या, पिवळ्या, नारिंगी गोलांची. दुसरी राहिली तर नकाशावर नुसते आकडे दिसतात. नकाशाच्या डिव्हला (पानावरच्या ज्या चौकटीत तो दिसतो तिला) उंची द्यायला विसरू नका.

ब्राउझरच्या कन्सोलमध्ये 'मार्करक्लस्टरग्रुप इज नॉट अ फंक्शन' आलं, तर एकतर क्रम चुकलाय किंवा पानावर लीफ्लेट दोनदा लोड होतंय. दुसऱ्या खेपेला नवा 'एल' जुन्यावर बसतो आणि प्लगइनची जोडणी पुसली जाते. 'मॅप हॅज नो मॅक्सझूम' अशी तक्रार आली, तर टाइल लेयरच्या (नकाशाच्या मूळ चित्राच्या) आधी क्लस्टर जोडलाय. नकाशालाच मॅक्सझूम (झूमची कमाल पातळी) द्या, उदाहरणार्थ १९.

आता डेटा. जिओजेसनमध्ये (ठिकाणांची माहिती लिहायच्या फाइल-पद्धतीत) आधी रेखांश, मग अक्षांश. लीफ्लेटच्या मार्करला मात्र उलट. जिओजेसन लेयर ही अदलाबदल स्वतः करतो, पण सीएसव्हीतून हाताने मार्कर बनवताना घोळ होतो. पुण्याचे १८.५२ आणि ७३.८६ उलटे पडले, तर मार्कर थेट नॉर्वेच्या उत्तरेला, बेअर आयलंडजवळच्या समुद्रात जातो. जिओजेसन लेयर फक्त क्लस्टर ग्रुपमध्ये टाका आणि तो ग्रुप नकाशाला जोडा. लेयर वेगळा जोडू नका.

मार्कर एकेक करून टाकू नका. सगळ्यांचा अ‍ॅरे 'अ‍ॅडलेयर्स'ला एकदम द्या आणि 'चंक्डलोडिंग' चालू करा. मग साधारण २०० मिलिसेकंद काम, ५० मिलिसेकंद उसंत अशा टप्प्यांत मार्कर बसतात आणि ब्राउझर गोठत नाही.

क्लस्टरची त्रिज्या मुळात ८० पिक्सेल असते. शहराच्या नकाशाला ४० ते ५० बरी, कारण ८० मध्ये शेजारचे दोन वॉर्डही एकाच गोलात जातात. ठरावीक झूमपासून गोल बनवणं बंद करणारं 'डिसेबलक्लस्टरिंगअ‍ॅटझूम' वापरताना जपून. एकाच पिनकोडच्या मध्यबिंदूवर बसवलेल्या वीस नोंदी त्या झूमला सुट्या होतात आणि वरची एकच दिसते. असा डेटा असेल तर ही सोय बंदच ठेवा, म्हणजे शेवटच्या झूमला गोलावर क्लिक केल्यावर मार्कर कोळ्याच्या पायांसारखे पसरतात.

फिल्टर बदलला की 'क्लियरलेयर्स'ने जुने मार्कर काढून नवा अ‍ॅरे द्या. गोलांचं रूप मार्करच्या माहितीवरून ठरत असेल आणि फक्त ती माहिती बदलली असेल, तर 'रिफ्रेशक्लस्टर्स' पुरतं.