अद्भुतकथेचा अर्थ लावताना या चुका टाळा

दर वर्षी दिवाळीनंतर आमच्या बेळगावच्या शहापुरातल्या वाचकमंडळात नवी मुले येतात आणि पहिल्याच बैठकीत त्यांच्यातले कोणीतरी विचारते, "सर, त्या अंगठीचा खरा अर्थ काय?" टॉल्कीन यांच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या पुस्तकाची जेमतेम साठ पाने वाचून झालेली असतात, दहा मिनिटांत अर्थ उलगडून देणारा व्हिडिओ मात्र शेवटपर्यंत पाहिलेला असतो. 14 वर्षे हे ऐकत आल्यामुळे माझा आवाज त्या वेळी थोडा चढतो, हे मी मान्य करतो.

सर्वांत जुनी आणि सर्वांत चिवट चूक म्हणजे कथेला किल्ली लावणे, म्हणजे अंगठी बरोबर अमुक आणि काळा मनोरा बरोबर तमुक अशी समीकरणे मांडून मोकळे होणे. ही चूक मी स्वतः भर व्यासपीठावर केलेली आहे. खानापूर तालुक्यातील एका गावच्या साहित्य संमेलनात, वयाच्या पंचविशीत, टॉल्कीन यांची जगावर सत्ता मिळवून देणारी अंगठी म्हणजे अणुबॉम्ब होय, असे मी अर्धा तास ठासून सांगितले आणि टाळ्याही मिळवल्या. जेवणाच्या पंगतीत शेजारी बसलेल्या एका निवृत्त शिक्षकांनी आमटीत भात कालवता कालवता विचारले, "ते प्रकरण लिहिलं कधी, बघितलास काय?" मी बघितले नव्हते. ग्रंथ 1954-55 मध्ये तीन खंडांत आला आणि बॉम्ब 1945 मध्ये पडला, एवढ्यावरच माझा सगळा डोलारा उभा होता. घरी येऊन दुसऱ्या आवृत्तीची प्रस्तावना उघडली, तर लेखकाने तिथे स्पष्टच लिहिले होते की, अंगठीचे स्वरूप उलगडणारे कळीचे प्रकरण हा कथेतील सर्वांत जुन्या भागांपैकी एक असून ते 1939 च्या संकटाची चाहूल लागण्याच्या कितीतरी आधीचे आहे. पुढे त्यांनी असेही म्हटले आहे की, कथा खऱ्या युद्धाच्या चालीने चालली असती, तर अंगठी नष्ट झाली नसती. ती ताब्यात घेऊन शत्रूवरच वापरली गेली असती. त्या दिवसापासून कोणत्याही पुस्तकाच्या शेवटच्या कोऱ्या पानावर मी आधी पेन्सिलीने तारखा लिहितो: लेखन कधी सुरू झाले, पुस्तक कधी छापले, लेखक तेव्हा कुठे होता. यात शास्त्र वगैरे काही नाही, पंगतीतल्या त्या प्रश्नाची धास्ती आहे.

याच प्रस्तावनेत रूपककथेविषयीची नावड सांगताना टॉल्कीन यांनी एक भेद केला आहे आणि तो न समजल्यामुळे निम्मे घोटाळे होतात. रूपकात अर्थ लेखकाने ठरवून वाचकावर लादलेला असतो. कथा 'लागू पडणे' ही गोष्ट निराळी, कारण ते स्वातंत्र्य वाचकाचे असते. आमच्याकडे हा भेद समजायला फार लांब जावे लागत नाही. तीन वर्षांपूर्वी टिळकवाडीतल्या एका मुलीने ठामपणे सांगितले, "सर, शायर म्हणजे आपला सीमाभागच की!" शायर हा कथेतल्या हॉबिट या बुटक्या लोकांचा शांत मुलूख आणि मॉर्डोर हा शत्रूचा. मग मॉर्डोर कोण, हे तिने सांगण्याआधीच खोलीत हशा पिकला आणि दोघातिघांचे चेहरे उतरले. त्या उतरलेल्या चेहऱ्यांत बैलहोंगलहून येणारा, कन्नड माध्यमात शिकलेला एक मुलगा होता. तो शांतपणे म्हणाला की, त्यालाही शायर म्हणजे आपलेच गाव वाटले होते. शेवटी हॉबिट घरी परततात आणि मेजवानीचे ते झाड तोडून टाकलेले पाहून त्यांच्यातला सॅम रडू लागतो, तिथे त्याला रस्ता रुंद करताना गेलेली आपल्या वाटेवरची वडाची रांग आठवली होती. दोघांनाही कथा लागू पडली होती, पण मुलीने तिला किल्ली लावली आणि मुलाने लावली नाही. किल्ली लावली की दुसऱ्याच्या गावाला मॉर्डोर व्हावेच लागते. मी त्या मुलीला ते प्रकरण पुन्हा वाचायला सांगितले. शायरचा नाश करणाऱ्यांत बाहेरच्या गुंडांइतकाच हात गावातल्याच एका लोभी हॉबिटचा होता, हे तिच्या नजरेतून सुटले होते. आपल्या लाडक्या समीकरणात न बसणारे पान आधी शोधायचे, ही सवय मी सगळ्यांना लावतो, आणि उतावळ्या मुलांना नेमकी तीच नको असते.

किल्ली कुठे चालतच नाही असेही नाही. 1726 च्या 'गलिव्हर्स ट्रॅव्हल्स'मध्ये अंडे कोणत्या टोकाने फोडावे यावरून पेटलेले युद्ध हे धर्मपंथांच्या भांडणाचे उघड विडंबन आहे. तिथे किल्ली न लावणे हीच चूक ठरेल.

याउलट 1900 सालचे ओझच्या जादूगाराचे पुस्तक पाहा. त्यातली पिवळ्या विटांची वाट म्हणजे सुवर्णचलन आणि नायिका डोरोथीचे चंदेरी बूट म्हणजे चांदीचे चलन, हा अर्थ हेन्री लिटलफिल्ड या अमेरिकेतील शाळाशिक्षकाने 1964 मध्ये मांडला. वर्गात इतिहास शिकवायला तो सोयीचा होता, आणि पुढे लेखकाच्या मनातला गुप्त हेतू म्हणून तोच जगभर फिरला. चित्रपट पाहून यावर बोलणाऱ्यांनी एवढे तरी लक्षात ठेवावे की, 1939 च्या पडद्यावर ते बूट लाल आहेत.

दुसरी चूक आपल्याकडची खास आहे आणि तिच्यावर माझा जास्त राग आहे: 'हे सगळे आमच्या गीतेत आधीच आहे.' जादूगार गॅन्डाल्फ अवतार, अंगठी माया, ती नष्ट करायला निघालेला हॉबिट फ्रोडो निष्काम कर्मयोगी. ऐकायला गोड वाटते, पण कथेच्या ऐन शिखरावर फ्रोडो काय करतो? अग्निपर्वताच्या कड्यावर उभा राहून तो अंगठी टाकायला नकार देतो आणि ती माझी आहे असे सांगतो. कर्मयोगी तिथे हरतो. जग वाचते ते अंगठीसाठी वेडा झालेला गॉलम फ्रोडोचे बोट चावून अंगठीसह खाली कोसळल्यामुळे, आणि गॉलम तोपर्यंत जिवंत असतो ते कित्येक वर्षांपूर्वी अंगठीचा आधीचा मालक बिल्बोने आणि नंतर फ्रोडोने त्याच्यावर दया दाखवली म्हणून. माणूस स्वतःच्या बळावर शेवटचे पाऊल टाकू शकत नाही, ते कृपेने पडते, ही ख्रिस्ती धारणा आहे. टॉल्कीन यांनी 1953 मध्ये एका जेझुइट, म्हणजे कॅथलिक धर्मसंघातल्या, मित्राला लिहिलेल्या पत्रात आपला ग्रंथ मुळातच धार्मिक आणि कॅथलिक असल्याचे, म्हणूनच त्यातून पूजापंथांचे उल्लेख जवळजवळ काढून टाकल्याचे म्हटले आहे. परिशिष्टे चाळली तर अंगठी 25 मार्चला नष्ट होते असे दिसते, आणि येशूच्या जन्माची वार्ता देवदूताने मेरीला दिल्याचा सण त्याच तारखेचा आहे. परिशिष्टे कोणी वाचत नाही, हा आणखी एक वैताग.

उर्सुला ले ग्विन यांच्या अर्थसी या अद्भुतकथांच्या मालिकेचेही आम्ही असेच करतो. 1968 च्या पहिल्या पुस्तकात तरुण जादूगार गेड आपल्या सावलीला स्वतःच्याच नावाने हाक मारतो आणि लेखिका सांगते की, तो जिंकलाही नाही, हरलाही नाही, पूर्ण झाला. लगेच कोणीतरी 'अद्वैत' म्हणते. ले ग्विन यांची ओढ प्राचीन चिनी ताओ विचाराकडे होती. 1997 मध्ये त्यांनी त्या विचाराच्या मूळ ग्रंथाचे, 'ताओ ते चिंग'चे, स्वतःचे इंग्रजी रूप प्रसिद्ध केले. त्या विचारात उजेड आणि अंधार एकात विरून जात नाहीत, एकमेकांना तोलून धरतात. मी मुलांना त्या पानावर पेन्सिलीने तराजू काढायला लावतो. बालिश वाटते, पण फरक पुन्हा विसरला जात नाही.

लेखकाच्या धर्मावरून त्याचे राजकारण ठरवू नका: राजे परत आणणाऱ्या टॉल्कीन यांनीच 1943 मध्ये मुलाला कळवले होते की, आपला कल अराज्यवादाकडे झुकत चालला आहे.

सी. एस. लुईस यांच्या नार्निया कथामालिकेत प्रत्येक पात्राचा बायबलमधला जोडीदार शोधू नका. अशा जगात ख्रिस्त आला असता तर काय झाले असते, एवढीच कल्पना करून पाहिली, असे लुईस यांचे स्वतःचे म्हणणे होते. आणि वाचायला बसताना संचावर छापलेला क्रम पाळू नका. आज पहिला म्हणून विकला जाणारा भाग 1955 चा, सात पुस्तकांतला सहावा आहे. सुरुवात 1950 च्या 'द लायन, द विच अँड द वॉर्डरोब' या सिंहाच्या पुस्तकानेच करावी.

इंग्रजी जड जात असेल, तर सारांश वाचण्याऐवजी जी. ए. कुलकर्णी यांचे 'रमलखुणा' घ्या. चिकोडी तालुक्यातल्या एकसंब्यात जन्मलेल्या आणि धारवाडला इंग्रजी शिकवणाऱ्या या लेखकाच्या पुस्तकात 'प्रवासी' आणि 'इस्किलार' या दोनच दीर्घकथा आहेत. माझी प्रत गेल्या पावसाळ्यात एका मुलाने नेली आणि महिन्याने परत केली. समासात जागोजाग 'प्रतीक?' असे लिहून त्याने स्वतःच खोडले होते, आणि मागच्या कोऱ्या पानावर फक्त साल लिहिले होते: 1975.