युनियनच्या मान्यतेचा अर्ज का फेटाळला जातो : या चुका टाळा

नोंदणीचं प्रमाणपत्र हातात आलं म्हणजे मान्यता मिळाली, असा समज अनेक कारखान्यांत असतो. तो चूक आहे. नोंदणीने युनियनला कायदेशीर अस्तित्व मिळतं. सगळ्या कामगारांच्या वतीने वाटाघाटी करण्याचा हक्क मात्र मान्यतेने मिळतो. कामगार संघटनांना मान्यता आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध यासाठीच्या महाराष्ट्राच्या 1971 च्या अधिनियमाने मान्यतेचा निर्णय औद्योगिक न्यायालयाकडे सोपवला आहे. उपक्रमात 50 किंवा जास्त कर्मचारी असावे लागतात. मागच्या बारा महिन्यांत एखाद्या दिवशी तेवढे असले तरी चालतं.

मॅनेजमेंटने संमती दिली किंवा पगारवाढीच्या करारावर सही केली, तरी ती या कायद्याखालची मान्यता होत नाही. दोन युनियननी आपसांत ठरवून गुप्त मतदान घेतलं, तरी सभासदसंख्येच्या पडताळणीला तो पर्याय नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1990 मध्येच स्पष्ट केलं आहे.

बहुतेक अर्ज अडकतात ते सहा महिन्यांच्या हिशोबात. एकूण कर्मचाऱ्यांपैकी किमान 30 टक्के सभासद अर्जाच्या महिन्याआधीच्या सलग सहा कॅलेंडर महिन्यांत, पूर्ण काळ असावे लागतात. अर्ज 20 ऑगस्टला केला तर फेब्रुवारी ते जुलै हे महिने तपासले जातात. ऑगस्टमध्ये झालेले नवे सभासद उपयोगाचे नाहीत. पटावर 240 कर्मचारी असतील तर 72 सभासद लागतात. एप्रिलमध्ये संख्या 70 वर आली, तर जुलैमधल्या 110 ने ती उणीव भरून निघत नाही. म्हणून नेमके 72 धरून अर्ज करू नका. राजीनामे, निवृत्ती आणि नाकारली जाणारी नावं गृहीत धरून 90 च्या आसपास सभासद असू द्या, आणि दर महिन्याची टक्केवारी त्या महिन्याच्या पटावरून काढा. व्यवस्थापकांची किंवा कंत्राटदाराच्या पटावरच्या कामगारांची नावं यादीत मिसळली, तर पहिला आक्षेप तिथेच येतो.

वर्गणीकडे तर फार दुर्लक्ष होतं. कायद्याने किमान वर्गणी महिना 50 पैसे, म्हणजे नाममात्र. पण आधीच्या सहा महिन्यांत तीनपेक्षा जास्त महिन्यांची थकबाकी असेल, तर तो माणूस सभासद धरलाच जात नाही. महिना संपल्यावर तीन महिन्यांत वर्गणी आली नाही की ती थकीत ठरते. अर्ज ठरल्यावर एका बैठकीत मागच्या तारखांच्या पावत्या फाडणं हा सगळ्यांत घातक प्रकार. औद्योगिक न्यायालयाला मदत करणारा तपास अधिकारी पावती क्रमांक, रोकडवही आणि सभासद नोंदवही शेजारी ठेवून पाहतो. क्रम आणि रक्कम जुळली नाही की खऱ्या सभासदांवरही संशय येतो. पावती वर्गणी मिळाली त्याच दिवशी फाडा, रक्कम रोकडवहीत चढवा आणि बँकेत भरा.

अर्जाआधीच्या सहा महिन्यांत युनियनने बेकायदेशीर संपाला चिथावणी किंवा मदत दिली असेल, तर मान्यता नाकारली जाते. 14 दिवसांची नोटीस न देता केलेला संप बेकायदेशीर ठरतो. रागाच्या भरात एका दुपारी पुकारलेलं काम बंद वर्षभराची बांधणी वाया घालवू शकतं.

केंद्राची 2020 ची औद्योगिक संबंध संहिता 21 नोव्हेंबर 2025 पासून लागू आहे. तिच्यात एकापेक्षा जास्त युनियन असतील तर पटावरच्या 51 टक्के कामगारांचा पाठिंबा लागतो. तेवढा कोणाकडेच नसेल तर वाटाघाटी परिषद बनते आणि तिच्यात 20 टक्क्यांमागे एक प्रतिनिधी बसतो. दोन्ही कायद्यांची गणितं एका अर्जात मिसळू नका. अर्ज कोणत्या कायद्याखाली आणि कोणासमोर करायचा, हे वकिलाकडून आधी लेखी घ्या.

मान्यता मिळाल्यावर दप्तर ढिलं पडतं, तिथे नवा धोका सुरू होतो. 1971 च्या कायद्यानुसार कार्यकारिणीची बैठक तीन महिन्यांतून एकदा तरी व्हावी आणि ठराव इतिवृत्तात असावेत. दोन वर्षांनंतर जास्त सभासद असलेली दुसरी युनियन मान्यता मागू शकते, आणि तेव्हा तुमच्याही पावत्या पुन्हा तपासल्या जातात.